न संपलेले व्यक्तिचित्र : इलेन द कूनिंग आणि केनेडी

एखाद्या लेखकाची ओळख त्याच्या एकाच कृतीने करून देण्याची रीत मराठीत जुनी आहे. विष्णुशास्त्री चिपळूणकर हे ‘निबंधमालाकार’ असतात, शिवराम महादेव परांजपे हे ‘काळकर्ते’ असतात, आणि भालचंद्र नेमाडे यांनी कविता लिहिली, समीक्षा लिहिली, आणखी कादंबऱ्या लिहिल्या, तरी ते ‘कोसलाकार’च राहतात. या रीतीत गौरव आहे, तसाच एक संकोचही आहे. कृती कर्त्याची व्याख्या करते म्हणजे नेमके काय करते? ती कर्त्याच्या साऱ्या निर्मितीचे सार सांगते, की त्या निर्मितीतील उरलेले सारे झाकून टाकते? शिवाय ही व्याख्या कृतीच्या अंगभूत गुणांमुळे होते, की कृतीबाहेर घडलेल्या एखाद्या घटनेमुळे? साहित्यसमीक्षेला हे प्रश्न नवे नाहीत. परंतु शेजारच्या कलेतील एखादे उदाहरण तपासले, तर ते अधिक स्वच्छपणे मांडता येतात. प्रस्तुत लेखात त्यासाठी अमेरिकन चित्रकर्त्री इलेन द कूनिंग (१९१८-१९८९) यांनी १९६२-६३ या काळात केलेली राष्ट्राध्यक्ष जॉन केनेडी यांची व्यक्तिचित्रे विचारात घेतली आहेत.

हे उदाहरण निवडण्याचे कारण त्यातील विसंगतीत आहे. इलेन या अमूर्त अभिव्यक्तिवादी चित्रकारांच्या पहिल्या पिढीतल्या. या संप्रदायाने चित्रातून ‘विषय’ जवळजवळ हद्दपार केला होता. असे असताना त्या परंपरेत घडलेल्या एका चित्रकर्त्रीचे नाव सर्वसामान्य प्रेक्षकाच्या लक्षात राहिले ते एका सत्ताधाऱ्याच्या व्यक्तिचित्रामुळे, म्हणजे चित्रकलेतील सर्वांत विषयबद्ध आणि दरबारी मानल्या गेलेल्या प्रकारामुळे. याकडे अपवाद म्हणून पाहता येईल किंवा तडजोड म्हणून. माझे म्हणणे असे की, हे त्या अमूर्त परंपरेचेच एक तर्कशुद्ध फलित होते.

१

दुसऱ्या महायुद्धानंतर न्यूयॉर्कमध्ये जी चित्रकला आकाराला आली, तिचे समर्थन दोन समीक्षकांनी दोन दिशांनी केले. क्लेमंट ग्रीनबर्ग यांच्या दृष्टीने आधुनिक चित्रकलेचा प्रवास हा स्वतःच्या माध्यमाच्या शुद्धीकडे, पृष्ठभागाच्या सपाटपणाकडे होणारा प्रवास होता. हॅरॉल्ड रोझेनबर्ग यांनी १९५२ मध्ये ‘क्रियाचित्रण’ ही संज्ञा रूढ केली. त्यांच्या मते चित्रकारासाठी कॅनव्हास हे आता कृती करण्याचे रिंगण झाले होते आणि त्यावर उरते ती एका घटनेची खूण. या दोन्ही भूमिकांत मानवी चेहऱ्याला फारसे स्थान नव्हते. आजच्या काळात चेहरा रंगवणे अशक्य आहे, असे ग्रीनबर्ग म्हणाले होते. त्यावर विलेम द कूनिंग यांनी, खरे आहे, पण तो न रंगवणेही अशक्य आहे, असे उत्तर दिले. ही आठवण विलेम यांनीच पुढे सांगितली आहे. १९५०-५२ मधले त्यांचे ‘स्त्री १’ हे चित्र याच पेचातून आले.

विलेम यांच्या पत्नी असलेल्या इलेन याच पेचाकडे दुसऱ्या वाटेने आल्या. १९३८ पासून त्यांनी विलेम यांच्याकडे रेखाटनाचे कठोर शिक्षण घेतले. रेखाटन करायचे, गुरूने ते फाडायचे, पुन्हा आरंभ करायचा, असे ते शिक्षण. १९४३ मध्ये त्यांचा विवाह झाला. १९४८ पासून त्या ‘आर्ट न्यूज’ या नियतकालिकातून समीक्षा लिहू लागल्या, आणि ही बाब आपल्या दृष्टीने महत्त्वाची आहे. त्या मासिकात चित्रकार प्रत्यक्ष चित्र कसे घडवतो याचे टप्प्याटप्प्याने वर्णन करणारी एक लेखमाला येत असे. तिच्यासाठी इलेन यांनी १९५० मध्ये जोसेफ आल्बर्स आणि हान्स होफमन यांच्या कामाविषयी लिहिले. पूर्ण चित्राच्या मूल्यमापनापेक्षा ते घडत असतानाच्या निर्णयांचे, खोडण्याचे, परतण्याचे वाचन करण्याची सवय त्यांना लागली ती येथे. १९५५ मधील त्यांच्या एका निबंधाचे शीर्षकच ‘विषय : काय, कसे की कोण?’ असे आहे. अमूर्ततेच्या भरतीच्या काळात ‘कोण’ हा प्रश्न ‘काय’ आणि ‘कसे’ यांच्या पंक्तीला बसवणे हीच एक भूमिका होती.

ही भूमिका त्यांच्या चित्रांत आधीच दिसू लागली होती. चाळिशीच्या दशकाच्या अखेरीपासून त्यांनी बसलेल्या पुरुषांची चित्रे काढली. त्यांतील अनेकांचे चेहरे जवळजवळ नाहीतच. ओळखीचा माणूस दुरून येताना चेहरा दिसण्याआधीच त्याच्या उभे राहण्याच्या, खांदे टाकण्याच्या ढबीवरून ओळखू येतो, ही त्यांची धारणा होती. क्रियाचित्रणाचा सिद्धान्त मांडणारे रोझेनबर्ग हेही १९५६ मध्ये त्यांच्यासमोर बसले, म्हणजे कॅनव्हासला रिंगण म्हणणारा समीक्षक स्वतःच त्या रिंगणात उतरला. कवी फ्रँक ओहारा यांच्या १९६२ मधील चित्राविषयी इलेन यांनी सांगितलेली हकीकत प्रसिद्ध आहे. त्यांनी आधी चेहऱ्याची सारी रचना रंगवली, मग ती पुसून टाकली. आणि चेहरा नाहीसा झाल्यावर चित्र अधिक ओहारांसारखे झाले, असे त्यांना जाणवले.

आपल्याकडे यशोधराने कामसूत्राच्या टीकेत चित्राची जी सहा अंगे सांगितली, त्यांत ‘भाव’ आणि ‘सादृश्य’ ही वेगवेगळी अंगे आहेत. ओहारांच्या चित्राचे वर्णन करायला हा भेद उपयोगी पडतो. पुसला गेला तो अवयवांचा तपशील. सादृश्य मात्र शरीराच्या ढबीत, म्हणजे भावाच्या प्रांतात, सरकले. अमूर्ततेने इलेन यांना व्यक्तीपासून दूर नेले नाही, तर व्यक्ती नेमकी कुठे वसते याचा शोध घेण्याचे साधन दिले.

२

मिसुरी राज्यातील इंडिपेंडन्स येथील ट्रूमन ग्रंथालयासाठी केनेडी यांचे व्यक्तिचित्र करण्याचे काम १९६२ मध्ये इलेन यांच्याकडे आले. निवडीचे एक कारण अगदी व्यावहारिक होते. त्या झपाट्याने काम करत, आणि केनेडी एका जागी स्वस्थ बसणारे नव्हते. पहिली बैठक २८ डिसेंबर १९६२ रोजी फ्लोरिडातील पाम बीच येथे झाली.

इलेन यांनी तोवर केनेडी पाहिले होते ते वृत्तपत्रांतून आणि दूरचित्रवाणीवरून, म्हणजे करड्या छटांत. समोर आलेला माणूस त्यांना या प्रतिमेहून सर्वस्वी वेगळा वाटला. तो उन्हात न्हालेला, सोनेरी आणि प्रत्यक्षाहून मोठा भासणारा होता. तो सतत हलत होता, बैठक बदलत होता, कागद वाचत होता, बोलत होता. रेखाटन पूर्ण होण्याआधीच ढब बदललेली असे. एखाद्या शैलीबद्ध व्यक्तिचित्रकाराला हा अडथळा वाटला असता. इलेन मात्र १९५८-५९ च्या सुमारास न्यू मेक्सिकोत अध्यापन करत असताना सीमेपलीकडील हुआरेझ येथील बैलझुंजी पाहून बैलांच्या चित्रांची मालिका करून आल्या होत्या. गती थांबवायची नसते, तिच्या वेगाने हात चालवायचा असतो, हे त्या शिकल्या होत्या. पाम बीचमध्ये त्यांनी डझनावारी रेखाटने केली.

खरी अडचण पुढे आली. न्यूयॉर्कला परतल्यावर एक चित्र पूर्ण करून ते हाती सोपवणे एवढेच काम होते. तसे झाले नाही. १९६३ चे बहुतेक वर्ष त्या केनेडींखेरीज दुसरे काही रंगवू शकल्या नाहीत. चित्रशाळेत केनेडींचे अनेक कॅनव्हास एकाच वेळी उभे राहिले. प्रत्येक रेखाटन खरे होते, पण कोणतेही एक पुरेसे नव्हते. त्यात भर म्हणजे वृत्तपत्रांतील छायाचित्रे आणि पडद्यावरील चित्रणे रोज नवे केनेडी पुरवत होती. सप्टेंबर १९६० मधील निक्सन यांच्याबरोबरच्या दूरचित्रवाणीवरील वादसभेपासून केनेडी हे प्रतिमांच्या राजकारणाचे नायक झालेच होते. उन्हात पाहिलेला माणूस आणि छापील माणूस यांचा मेळ घालणे हे काम आता त्यांच्याकडे आले.

साहित्याच्या अभ्यासकाला ही स्थिती ओळखीची वाटेल. एका संहितेचे अनेक पाठ असणे आणि त्यांतून एक प्रमाण पाठ निश्चित करणे हे पाठचिकित्सेचे काम असते. भांडारकर संस्थेने १९६६ मध्ये पूर्ण केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीमागे, या पाठभेदांच्या मागे एक प्राचीनतर पाठ होता आणि त्याच्या जवळ जाता येते, ही श्रद्धा आहे. इलेन यांच्या चित्रशाळेत मात्र पाठभेदच होते. ज्याच्याशी ते ताडून पाहावेत असा मूळ पाठ त्या बसणाऱ्या माणसातही नव्हता, कारण तो स्वतःच क्षणोक्षणी बदलत होता. एकच अंतिम चित्र न होणे याला म्हणूनच अपयश म्हणता येत नाही. तो विषयाविषयीचा निष्कर्ष होता.

२२ नोव्हेंबर १९६३ रोजी डॅलस येथे केनेडींची हत्या झाली. त्यानंतर सुमारे वर्षभर इलेन यांनी चित्र काढले नाही. चित्र काढणे म्हणजेच केनेडींना रंगवणे असे त्यांच्या मनात एकरूप झाले होते, असे त्यांनी सांगितले आहे. या काळात त्या शिल्पाकडे, ब्राँझकडे वळल्या. १९६५ मध्ये मालिकेतील एक चित्र ट्रूमन ग्रंथालयाला मिळाले. १९६३ चे दुसरे, सुमारे साडेआठ फूट उंचीचे चित्र वॉशिंग्टनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीने १९९९ मध्ये संग्रहात घेतले, आणि २०१५ मध्ये त्याच संस्थेने इलेन यांच्या व्यक्तिचित्रांचे मोठे प्रदर्शन भरवले.

३

हे मोठे चित्र अरुंद आणि उभे आहे. हिरव्या आणि सोनेरी रंगांचे फटकारे आकृतीतून पार्श्वभूमीत आणि पार्श्वभूमीतून आकृतीत निःसंकोच ये-जा करतात. माणूस कुठे संपतो आणि प्रकाश कुठे सुरू होतो हे काठावर ठरत नाही. आकृती बसलेली आहे, पण बसण्यात स्वस्थता नाही. पुढच्याच क्षणी उठेल अशी. चेहरा मात्र येथे पुसलेला नाही. ओहारांच्या बाबतीत चेहरा गेल्यावर माणूस राहिला. केनेडींच्या बाबतीत चेहरा काढला असता, तर जगाला पाठ असलेली छापील प्रतिमाच त्या रिकाम्या जागी येऊन बसली असती. म्हणून येथे चेहरा ठेवणे हाच त्या प्रतिमेला केलेला विरोध ठरतो.

या चित्राचे वेगळेपण त्याच विषयावरील इतर कृतींशी तुलना केल्यावर उघड होते. रॉबर्ट राउशेनबर्ग यांनी त्याच सुमारास वृत्तपत्रीय छायाचित्र पडदामुद्रणाने कॅनव्हासवर आणले. अँडी वॉरहॉल यांनी १९६४ मध्ये जॅकलिन केनेडी यांची शोकमग्न छायाचित्रे पुनःपुन्हा छापली. दोघांनीही प्रतिमेचे प्रतिमापण हाच विषय केला. दुसऱ्या टोकाला आहे आरन शिकलर यांचे व्हाइट हाउसमधील अधिकृत चित्र. ते १९७० मध्ये, हत्येनंतर सात वर्षांनी झाले. जॅकलिन यांना डोळ्यांखालच्या फुगवट्यांची आणि भेदक नजरेची नेहमीची प्रतिमा नको होती. शिकलर यांनी हातांची घडी घालून मान खाली घातलेले केनेडी रंगवले. ते चित्र वास्तवदर्शी असूनही त्यात मृत्यूचे ज्ञान आहे; ते मरणानंतर लिहिलेले चरित्र आहे. इलेन यांच्या चित्राला त्या शेवटाचा पत्ता नाही. विषयाचे भविष्य मोकळे असताना ते रंगवले गेले, आणि ते मोकळेपण रंगांच्या वाहण्यात शिल्लक आहे. आज आपण शेवट जाणून ते पाहतो. चित्राला जे ठाऊक नाही ते आपल्याला ठाऊक आहे, या अंतरातच त्याचा करुण परिणाम आहे.

येथे एक आक्षेप टाळता येणार नाही, आणि तो टाळू नये. हे चित्र एका सत्ताधाऱ्याचे आहे. मग त्यात राजकारण कुठे आहे? पहिली बैठक झाली तेव्हा क्यूबातील क्षेपणास्त्रांच्या पेचप्रसंगाला जेमतेम दोन महिने झाले होते. दुसऱ्याच दिवशी, २९ डिसेंबर रोजी, केनेडी मायामीतील ऑरेंज बाउल मैदानावर पिग्सच्या उपसागरावरील फसलेल्या स्वारीतून सुटून आलेल्या क्यूबन निर्वासित सैनिकांसमोर उभे होते. इलेन चित्रशाळेत सोनेरी रंग कालवत होत्या त्या वर्षी बर्मिंगहॅमच्या रस्त्यांवर कृष्णवर्णीय मुलांवर पोलिसांचे कुत्रे सोडले जात होते, आणि वर्षअखेरीस व्हिएतनाममधील अमेरिकन लष्करी सल्लागारांची संख्या सोळा हजारांच्या घरात गेली होती. यांपैकी काहीही कॅनव्हासवर नाही. सत्तेचे तेज रंगवताना चित्रकर्त्री त्या तेजाने दिपून गेली, असे कोणी म्हटले तर ते सर्वथा खोडता येणार नाही.

या आक्षेपाचे वजन फिलिप गस्टन यांच्या ‘सॅन क्लेमेंटे’ (१९७५) या चित्राशेजारी ठेवून जोखावे. गस्टन हेही अमूर्त अभिव्यक्तिवादी. त्यांनीही अमूर्तता सोडून आकृतीकडे वळणाऱ्या चित्रकाराचा रोष पत्करला. ऑगस्ट १९७४ मध्ये पायउतार झालेले निक्सन या चित्रात शिरांच्या दाहाने सुजलेला, पट्ट्या बांधलेला अवाढव्य पाय ओढत किनाऱ्यावर उभे आहेत, गालावर अश्रू आहे. येथे राजकीय निवाडा स्पष्ट आहे. परंतु निवाडा देण्यासाठी गस्टन यांना निक्सन यांची एक अंतिम प्रतिमा हवी होती, आणि व्यंगचित्राची परंपरा ती पुरवते. इलेन यांच्याकडे निवाडा नाही, कारण अंतिम प्रतिमाच नाही. एकाने सत्तेचा देह रंगवला, दुसरीने सत्तेकडे पाहण्याचा अनुभव, त्यातील ओढ आणि अनिश्चितता यांसह. पहिले अधिक निर्भय आहे हे मान्य करावे लागते. पण ज्या नेत्यावर लोकांनी आपल्या इच्छांचे आरोपण केले, त्याचे स्थिर रूप हाती लागत नाही ही नोंदही राजकीयच आहे, मग ती चित्रकर्त्रीने जाणून केलेली असो वा नसो.

४

आता आरंभीच्या प्रश्नाकडे परतता येईल. केनेडींचे चित्र इलेन यांची व्याख्या करते, ते कशामुळे? हत्येमुळे, असे उत्तर सोपे आहे. ती घटना घडली नसती, तर या मालिकेकडे इतक्या डोळ्यांचे लक्ष गेले नसते हे उघड आहे. परंतु इतिहासातील आघात कृतीला प्रसिद्धी देऊ शकतो, अर्थ देऊ शकत नाही. त्या वर्षी केनेडींची असंख्य चित्रे झाली. त्यांतील बहुतेक स्मारके होऊन विस्मृतीत गेली. इलेन यांची कृती टिकली, कारण विलेम यांच्याकडे शिकलेले पुन्हा आरंभ करणे, समीक्षेतून आलेले प्रक्रियेचे भान, चेहराविरहित पुरुषांतून सापडलेले ढबीचे सादृश्य आणि बैलांच्या चित्रांतील वेग हे सारे त्या एका वर्षात प्रथमच एकत्र आले. या अर्थाने ती कृती खरोखरच साररूप आहे.

तरीही ‘केनेडींची चित्रकर्त्री’ या ओळखीविषयी सावध राहिले पाहिजे. इलेन आपली चित्रे आद्याक्षरांनी सही करत, असे सांगितले जाते. चित्राआधी बाईचे नाव वाचले जाऊ नये हा त्यामागचा हेतू. विलेम यांची पत्नी या ओळखीतून सुटण्यासाठी ज्यांनी एवढी काळजी घेतली, त्यांना समीक्षेने दुसऱ्या एका पुरुषाच्या नावाशी बांधावे, यात काव्यगत न्याय नाही. व्याख्या करणारी कृती ही दार असते. आपण तिच्यातून आत जायचे असते, उंबरठ्यावरच थांबायचे नसते. आत गेल्यावर रोझेनबर्ग दिसतात, ओहारा दिसतात, बैल दिसतात, आणि कुंचला खाली ठेवलेले ते एक वर्षही दिसते.

मराठीत ‘व्यक्तिचित्र’ हा शब्द रंगांतल्या आणि शब्दांतल्या अशा दोन्ही प्रकारांसाठी चालतो. आपल्या शब्दांतल्या व्यक्तिचित्रांना एक सवय आहे. ती माणसाचा एखादा लकबीचा धागा पकडतात आणि शेवटच्या परिच्छेदात त्याला गाठ मारतात. गाठ मारली की माणूस वाचकाच्या ताब्यात येतो. इलेन यांच्या मालिकेने या सवयीसमोर उभा केलेला प्रश्न आपल्याही समीक्षेने विचारात घ्यावा असा आहे : ज्याची गाठ बसत नाही अशा माणसाचे चित्र लिहायचे झाले, तर आपण किती खर्डे शेजारीशेजारी उभे राहू देऊ?